भुशाची पोती

माईंना काय हवंय, असं त्यांच्या घरात कधी कुणी विचारलं नाही, आणि चुकून विचारलं असतं तर माईंचीच पंचाईत झाली असती. आमटीभाजी संपली? ‘चालेल मला.’ त्यांच्या खोलीतला पंखा काढून पाहुण्यांच्या खोलीत लावला? ‘चालेल.’ त्यांचा नवरा सुतार. सगळं गाव त्याला मिस्त्री म्हणे. तो चारचौघांत सांगायचा, “हिला उद्या म्हटलं ना, तुझी खाट कारखान्यात टाकतो, तरी म्हणेल, चालेल, फक्त करवतीकडे डोकं नको.” सगळे हसायचे. माईही हसायच्या.

कारखाना म्हणजे घराच्या पाठीला लागून असलेली लांबट शेड. लग्न होऊन आल्यापासून संध्याकाळी तिथला केर काढायचं काम माईंकडे. पटाशीनं उडालेल्या ढलप्या वेगळ्या, रंध्यातून निघालेल्या कुरळ्या साली वेगळ्या आणि भुसा वेगळा. पुढेपुढे त्यांना नुसत्या वासावरून कळायचं, आज कुठलं लाकूड कापलंय. ढलप्या चुलीत जायच्या, साली काचसामान बांधायला. भुसा तेल सांडलं की त्यावर टाकायला, ओल आली की जमिनीवर पसरायला. उरलेला शेडच्या मागे ढिगावर. त्या ढिगाकडे वर्षानुवर्षं कुणी बघितलं नाही. खाली तो कुजून काळा, भुसभुशीत झाला होता आणि एका वर्षी त्यातून आपसूक भोपळ्याचा वेल उठून शेडच्या पत्र्यावर चढला होता. मिस्त्री येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायचा, “बघा, सुताराच्या घरात भुशाला पण फळ धरतं!” तेव्हा भुसा ही वाईट गोष्ट असू शकते, असं त्या घरात कुणाच्या मनात यायचं कारणच नव्हतं.

मिस्त्री गेला. त्याआधी बरेच दिवस तो दवाखान्यात होता. दवाखान्याच्या इमारतीपुढे हिरवळ होती, दाट, कातरलेली. भेटीची वेळ नसली की माई तिथं बसून राहायच्या. आत नवरा दिवसेंदिवस खंगत होता आणि बाहेर माई जन्मात पहिल्यांदा हातात काही काम नसताना बसल्या होत्या. पायातल्या चपला काढून तळवे गवतात ठेवले की आतलं काहीतरी सैल व्हायचं. याची त्यांना लाजही वाटे. नवरा मरणाच्या दारात आणि आपल्याला गवत आवडतंय! ही गोष्ट त्यांनी कुणाला सांगितली नाही.

धंदा मुलाच्या हातात आला. मुलगा हुशार, कामाला वाघ, पण बापासारखा लाकडात रमणारा नव्हे. त्यानं मशीन आणलं. लाकूड जाऊन प्लाय आणि बोर्ड आले. ऑफिसांची टेबलं, कपाटं, स्वयंपाकघरातले कप्पे असली कामं धडाधड निघू लागली. माल ठेवायला जागा पुरेना. घर आणि फाटक यांच्यामध्ये मोकळं अंगण होतं. त्यात वर्षानुवर्षं लाकडाचे ट्रक उभे राहून माती बडवल्यासारखी बसली होती. माईंच्या खोलीची एकुलती एक खिडकी त्या अंगणात उघडायची.

एकदा जेवताना मुलगा म्हणाला, “पुढच्या अंगणात सिमेंट घालून घेतो. वर पत्रा. बोर्ड तिथं रचता येतील.”

सून म्हणाली, “मग आईंची खिडकी?”

“खिडकीला काय होतंय? बंद राहील. लाइट आहे की खोलीत.” आणि उत्तर ठाऊकच असल्यासारखा आईकडे न बघताच तो म्हणाला, “काय आई, चालेल ना?”

“नाही,” माई म्हणाल्या.

मुलाचा घास हातातच राहिला. सुनेनं पाण्याचा पेला खाली ठेवला.

“मला तिथं हिरवळ हवी आहे.”

“हिरवळ? म्हणजे लॉन? त्या खडकावर?” मुलगा आधी हसला, मग आईचा चेहरा बघून थांबला. “बरं. मी काही राक्षस नाही. पुढच्या उन्हाळ्यापर्यंत माल मी कसाबसा मागे ठेवतो. तोवर भिंतीपासून फाटकापर्यंत हिरवं दिसलं, तर अंगण तुझं. नाही दिसलं, तर सिमेंट. मग कुरकुर नाही करायची.”

“चालेल,” माई म्हणाल्या.

पहिला घोळ त्यांनी सगळे करतात तोच केला. नर्सरीतून गवताच्या तयार गुंडाळ्या आणून सतरंजीसारख्या अंथरल्या. आठवडाभर अंगण लग्नघरासारखं दिसलं. महिन्याच्या आत कडा वळल्या आणि सगळं वाळून पाचोळा झालं. नर्सरीवाला बघायला आला. हा माणूस रोपं कमी आणि गप्पा जास्त विकायचा, पण मनानं चांगला. त्यानं पहार मागितली, जोर लावून एक खड्डा केला आणि त्यात बादलीभर पाणी ओतलं. दोघं चहा पिऊन आली तरी पाणी जागचं हललं नव्हतं.

“काकू, फरशीवर सतरंजी टाकली म्हणून तिला मुळं फुटतात का?” तो म्हणाला. “गवताचं राहू द्या. आधी मातीला जेवायला घाला. पालापाचोळा, भाजीचा कचरा, शेण, जे जे कुजतं ते सगळं. कुजवून, चाळून द्या. माती जिवंत झाली की गवत तुम्हाला विचारायला येणार नाही, आपलं आपण येईल.”

जेवायला घाला, हे माईंना बरोबर समजलं.

त्या दिवसापासून त्यांनी कोपऱ्यात ढीग लावला. भाजीची देठं, चहाचा चोथा, अंड्यांची टरफलं. सुरुवातीला नुसतं ओलं घालत गेल्या आणि घरभर असा वास सुटला, की सून नाकाला रुमाल लावून म्हणाली, “आई, शेजारी पोलिसांना बोलावतील हो!” मग नर्सरीवाल्यानं सांगितलं, ओल्याच्या दुप्पट सुकी पानं घाला, आणि ओल किती, तर घट्ट पिळलेल्या फडक्याइतकी. फडकं पिळण्यात माईंचा जन्म गेलेला. ते गणित त्यांना एका झटक्यात जमलं. सकाळी रस्त्यावर जाऊन त्या झाडांखालची पानं गोळा करू लागल्या. पलीकडच्या घरात कपडे शिवणारी टेलरबाई राहायची, माईंच्याच वयाची, तोंडानं फटकळ. ती खिडकीतून ओरडायची, “अगं ए माई, लोक पोरं वाढवतात, तू कचरा वाढवतेस!” आणि संध्याकाळी स्वतःच्या दारातली पानं पोत्यात भरून कुंपणावरून टाकायची.

ढिगाला वरखाली करायचं, आत हात घालून ऊब बघायची, काळं झालेलं धान्यासारखं चाळून घ्यायचं. अंगणात गवताचं बी पेरायचं, ते उगवलं की पहारीनं जवळ जवळ भोकं पाडायची. वर खताचा पातळ थर, इतका पातळ की गवताची टोकं वर दिसली पाहिजेत, आणि मग खराट्यानं तो भोकांत लोटायचा. माईंच्या खांद्यात कळा यायच्या. मुलगा येताजाता बघायचा. एकदा म्हणाला, “इतकी मेहनत बाबांच्या कारखान्यात केली असतीस तर बाबा लखपती झाले असते.” माई म्हणाल्या, “केली की. तुला दिसली नाही.”

पावसाळा सरला तेव्हा खिडकीखालची माती बदलली होती. पाणी ओतलं की पिऊन टाकायची. जिथं पहार खणखणायची तिथं आता माती उकरायचा चार दातांचा काटा पाय न देता उतरायचा, आणि उचलला की ढेकळातून गांडूळ लोंबायचं. पेरलेलं गवत तिथं दाट झालं. एका संध्याकाळी सून चहाचे दोन कप घेऊन बाहेर आली, चपला काढून गवतात बसली आणि एकदम बोलायला लागली. माहेरी तिची आई कशी होती, लग्नानंतर पहिले दिवस तिला इथं किती परकं वाटलं होतं, असं काहीबाही. इतक्या वर्षांत सासूसुना अशा बसल्या नव्हत्या. माईंना वाटलं, दवाखान्यातली गोष्ट हिला सांगावी. पण तेवढ्यात आतून मुलाची हाक आली आणि सून उठून गेली.

फाटकाकडचं निम्मं अंगण मात्र हट्टी. ट्रकची चाकं तिथंच फिरलेली. चार काड्या उगवायच्या आणि पिवळ्या पडायच्या. उन्हाळा जवळ आला, ढिगातलं खत तळाला गेलं, नव्या पानांना कुजायला वेळ हवा. शेणाचा गोठा गावाबाहेर. कुणाला तरी गाडी घेऊन पाठवायचं म्हणजे मुलापुढे हात पसरणं आलं. माई विचार करत बसल्या असताना त्यांना शेडमागचा ढीग आठवला. तो काळाभोर भुसा, तो भोपळा. ढीग तर मुलानं केव्हाच साफ केला होता, पण भुसा काय, घरचाच! मशीन दिवसभर भुसाच तर ओकतं.

त्या शेडच्या दारात गेल्या. “थोडा भुसा देशील? मातीत घालीन म्हणते.”

मुलानं मशीन थांबवलं. आईकडे जरा वेळ बघत राहिला. “हवा तेवढा ने,” म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी माई उठल्या तर अंगणाच्या कडेला भुशाची पोती ओळीनं उभी. तोंडं नीट बांधलेली. मुलानं स्वतः वाहून आणून ठेवली होती. माईंना भरून आलं. वर्षभरात त्यानं या मातीला हात लावला नव्हता. त्यांनी कुंपणापाशी जाऊन टेलरबाईला हाक मारली, “बघितलंस का? पोराला लागली हो माया.”

“उशिरा का होईना, लागली ना?” टेलरबाई सुईत दोरा ओवता ओवता म्हणाली. “आता दृष्ट लावून घेऊ नकोस.”

पोत्याचं तोंड सोडलं तेव्हा माईंच्या हाताला जाणवलं, हा भुसा पिठासारखा बारीक आहे. नाकाशी नेला. लाकडाचा वास नव्हता. नवं कपाट पहिल्यांदा उघडल्यावर येतो तसला कोंदट, नाकात चढणारा वास होता. सगळा जन्म भुसा हुंगलेली बाई ती. तिथंच थांबायला हवं होतं. पण पोती मुलानं वाहून आणलेली. ती सोडून नर्सरीत विचारायला जायचं म्हणजे त्याच्या मायेवरच शंका घ्यायची. माईंनी हात झटकले आणि कामाला लागल्या. उरलंसुरलं खत त्यात मिसळलं, फाटकाकडे जाड थर दिला. पोती उरली, तेव्हा खिडकीखालच्या दाट गवतावरही पसरून खराट्यानं आत लोटलं. चांगल्याचं आणखी चांगलं होईल, म्हणून.

आठदहा दिवसांत त्या भुशाची साय धरली. पाणी घातलं की वरून ओघळून फाटकाकडे पळायचं. फाटकाकडचं तर गेलंच, पण खिडकीखालचं गवतही फिकट झालं, मग पिवळं. माईंना वाटलं, तहान. दोनदोन वेळा पाणी घालू लागल्या. शेवटी नर्सरीवाल्याला बोलावलं.

तो उकिडवा बसला. साय नखानं उचलली, बोटांत चुरडली, हुंगली. नेहमीची गप्पांची गाडी आज सुरू झाली नाही.

“काकू, ताजा भुसा मातीत गेला ना, की माती त्यालाच पचवायच्या मागे लागते. गवताच्या वाट्याचं सगळं तोच खातो. तुमचा जुना ढीग कुजलेला होता, त्याची गोष्ट वेगळी. आणि हा तर लाकडाचाही नाही. बोर्डाचा. ह्यात गोंदच गोंद.” तो हात पुसत उठला. “तुमच्या मुलाला मी सांगितलं होतं की. मागे गाडी भरून माझ्याकडे आला होता, फुकट घ्या म्हणून. म्हटलं, बाबा, वर बक्षीस दिलंस तरी नको, माझी रोपं जातील. हसला, म्हणाला, बरं झालं सांगितलंत.”

बोलून झाल्यावर त्याच्या ध्यानात आलं की आपण काय बोललो. तो घाईघाईनं म्हणाला, “होईल हो, सुधारेल. ही साय खरवडून टाका, शेणखत घाला, वर्षभर धीर धरा. माती मेलेली नाही.”

“वर्षभर,” माई म्हणाल्या.

संध्याकाळी मुलगा जेवायला बसला. माईंनी वाढलं. मग समोर बसल्या.

“त्या भुशानं गवत मरतं, हे तुला माहीत होतं?”

मुलगा खोटं बोलला असता तर बरं झालं असतं, असं माईंना पुढे कितीदा तरी वाटलं. पण तो खोटं बोलणारा नव्हता.

“होतं.”

“मग बोलला का नाहीस?”

“तू मागितलास. नाही म्हटलं असतं, तर म्हणाली असतीस, पोरगा भुसासुद्धा देत नाही.”

“मी फक्त मागितला. पोती तू आणून ठेवलीस. तोंडं बांधून.”

माईंनी सुनेकडे पाहिलं. ती ताटात बोट फिरवत होती.

“तुलाही ठाऊक होतं?”

“मी सांगणार होते, आई,” सून म्हणाली. तिचे डोळे भरले होते. “हे म्हणाले, घालू दे. आपोआप मिटेल.”

“मग काय करू?” मुलगा एकदम उसळला. “माझा माल मागे भिजतोय, फुगतोय, गिऱ्हाईकं शिव्या घालतायत, आणि तू अंगणात कचरा चाळत बसलीस. बाबांनी जन्मभर तुला कारखान्याच्या केरात ठेवलं, त्यांच्यासमोर एक शब्द निघाला नाही तुझा. आणि मी एक गोष्ट मागितली, तर माझ्याच वेळी बरं सुचलं तुला नाही म्हणायला!”

हे लागलं. लागलं, कारण ते खरं होतं. माई जराशा वाकल्या, पाठीत कळ आल्यावर माणूस वाकतं तशा.

“ठरलं होतं तसं होणार,” मुलगा आवाज खाली आणत म्हणाला. “सोमवारी सिमेंटवाले येतायत. तू शब्द दिला होतास.”

“दिला होता,” माई म्हणाल्या. “आता मोडते. सिमेंटवाले आले तर फाटकावरून परत जातील. घर माझ्या नावावर आहे.”

ही गोष्ट त्या घरात सगळे विसरले होते. मिस्त्रीनं कधीकाळी कुठल्याशा अडचणीतून सुटण्यासाठी घर बायकोच्या नावावर केलं होतं. प्रेमानं वगैरे नव्हे. माईंनी ते आजवर तोंडातून काढलं नव्हतं. मुलगा ताटावरून उठला. हात धुताना त्यानं नळ इतका जोरात सोडला की पाणी मोरीच्या बाहेर आलं. सुनेनं ते पुसून घेतलं.

सिमेंटवाले आले नाहीत. पावसाळ्याच्या तोंडाशी मुलानं गावाबाहेर मोठी शेड घेतली. आधी बोर्ड गेले, मग मशीन गेलं, मग रोजचं जाणंयेणं जड पडतं म्हणून शेडजवळच घर बघितलं. त्या दरम्यान तो माईंशी अगदी नीट वागत होता. औषध आणलं, गॅसचं बघितलं, बिघडलेली कडी बसवून दिली. फक्त बोलत नव्हता. निघताना सून पाया पडायला वाकली आणि म्हणाली, “येत जाईन आई.” पहिले काही रविवार आली. मग फोन करू लागली. फोनवर मागे कुणीतरी तिला हाक मारायचं आणि ती “ठेवते हं” म्हणायची.

टेलरबाई कुंपणाशी आली. “माई, राग येऊ देऊ नकोस. पण गवतापायी मुलगा घालवलास ना गं?”

माई खरवडलेली साय घमेल्यात भरत होत्या. “घमेलं जरा धर,” एवढंच म्हणाल्या.

गोठ्यावरून शेण त्यांनी स्वतः ठरवून आणलं. कुजवलं, चाळलं, घातलं. पानं गोळा केली. आता घरात कचराच कमी निघायचा, एका माणसाचा तो कितीसा! टेलरबाई तिच्याकडचा आणून द्यायची. नर्सरीवाल्याचं खरं ठरलं. माती मेली नव्हती. पुढचा उन्हाळा आला तेव्हा भिंतीपासून फाटकापर्यंत गवत होतं, दवाखान्यापुढे होतं त्याहून दाट. माई दुपारी चपला काढून त्यात बसायच्या. मऊ होतं. गार होतं. मन मात्र सैल व्हायचं नाही. शेडमधून मशीनचा आवाज येत नाही, हेच कान पुन्हापुन्हा ऐकत राहायचे.

एक दिवस फाटक वाजलं. मुलगा आला होता. मागे राहिलेली एक मोटर न्यायची होती. बारीक झाला होता, कानशिलावर केस पिकले होते. माई खिडकीत उभ्या राहिल्या. फाटकापासून शेडकडे सरळ जायचं तर गवतावरूनच वाट. तो मात्र कुंपणाच्या भिंतीला खेटून, खांदा घासत, कडेच्या उघड्या पट्टीवरून चालत गेला. मोटर उचलून आला तोही तसाच, जड ओझं घेऊन, तिरका तिरका.

“अरे, गवतावरून ये ना सरळ,” माई म्हणाल्या. “त्याला काही होत नाही.”

“नको,” तो म्हणाला. “बुटाला माती लागते.”

“चहा टाकू का?”

“गाडी चालू आहे बाहेर.”

त्यानं पायानं फाटक ओढून घेतलं.